थोरल्या जावेचा तीळ

मावशींच्या घरी गेलं की चहा नंतर, आधी जागा मिळायची. दारातून पाऊल आत टाकलं की त्या म्हणायच्या, "तिथं नको, खिडकीला पाठ होते. इकडे बस. हं, आता तोंड दिसतंय." मग आपण त्यांच्या लोखंडी खुर्चीत उन्हाकडे तोंड करून डोळे बारीक करत बसायचं आणि त्या आपल्या डाव्या हाताला, अर्धं पाऊल मागे, स्टुलावर टेकणार. मीटर बघायला आलेला माणूस असो नाहीतर सोसायटीचे सेक्रेटरी, पुढची जागा त्याची आणि मागची यांची. सिनेमात त्या जन्मभर कुणाच्या ना कुणाच्या मागे उभ्या राहिल्या होत्या, तीच सवय घरात आली होती.

आम्ही जुईनगरला राहायला गेलो तेव्हा बिल्डिंगचा रंगसुद्धा वाळला नव्हता. आबा वाशीच्या मार्केटात माथाडी, आई घरकाम करायची, आणि मी बी.कॉम. फर्स्ट क्लास. आमच्या साताऱ्याकडच्या सगळ्या भावकीत कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. हे मी तेव्हा सगळ्यांना सांगायचे, आताही सांगते, त्यात लाजायचं काय. मावशी तळमजल्यावर आमच्या समोरच्या खोलीत एकट्या राहायच्या. ती खोली त्यांच्या भावानं घेतलेली, ताबा मिळायच्या आधीच तो गेला म्हणून त्यांच्याकडे आलेली. बिल्डिंगमध्ये त्यांना तोंडावर मावशी आणि मागे हिरॉईन म्हणायचे. हे त्यांच्या कानावर होतं.

"हिरॉईन नव्हते मी," त्या शांतपणे म्हणायच्या. "हिरॉईनची मैत्रीण होते. मोलकरीण होते. दोनदा नर्स. एकदा तर नुसती पंगतीत वाढत होते. चार रात्री वाढलं, पिक्चरमध्ये माझा हात दिसला."

पिक्चरच्या पाट्यांमध्ये त्यांचं नाव कधी आलं नाही. "आणि इतर" असं जे येतं ना, त्यात त्या होत्या. पण आपलं काम काय याबद्दल त्यांच्या मनात जराही गोंधळ नव्हता. त्या म्हणायच्या, "बोलणारा बोलतो गं. लोकांना ते खरं वाटतं ऐकणाऱ्याच्या तोंडाकडे बघून. आम्ही नीट ऐकलं नाही तर हिरॉईन कितीही रडू दे, लोक शेंगदाणे खात बसतात."

तळोज्याच्या एका केमिकल कंपनीत माझा इंटरव्ह्यू होता तेव्हा त्यांनी मला ऐकायला शिकवलं. आईनं देवाला नारळ ठेवला होता आणि मी अकाउंटन्सीचं पुस्तक पाठ करत बसले होते. मावशींनी ते पुस्तक बंद केलं. "साहेब विचारत असताना तू उत्तर शोधू नकोस, ते तोंडावर दिसतं. ऐक नुसतं. जगात ही गोष्ट पहिल्यांदाच कुणीतरी बोलतंय असं ऐक. आणि डोळे मिचकवू नकोस." तासभर त्या मला आमच्या रेशन कार्डावरची तीच तीच नावं वाचून दाखवत होत्या आणि मी ऐकत होते.

नोकरी मिळाली. मार्कांवर मिळाली असं मी सगळ्यांना सांगितलं, मावशींनाही सांगितलं.

"हो," त्या म्हणाल्या, "मार्क चांगलेच होते तुझे."

एकदा सोसायटीच्या गणपतीत बायकांनी छोटं नाटक बसवलं आणि मोठ्या कौतुकानं मुख्य काम मावशींना दिलं. सासूचं, भरपूर बोलण्याचं. तालमीत सगळं ठीक. प्रत्यक्ष स्टेजवर मात्र मावशी बोलता बोलता मागे सरकायला लागल्या. सून झालेली तिसऱ्या मजल्यावरची वहिनी त्यांच्याकडे बघायला वळली की या आणखी मागे. शेवटी सासू पडद्याला टेकली आणि बिचारी सून लोकांकडे पाठ करून उभी. खालून कुणीतरी ओरडलं, "मावशी, अजून मागं गेलात तर सानपाड्याला पोचाल."

लोक हसले, मावशीही हसल्या. पण घरी आल्यावर मला म्हणाल्या, "पुढं उभं राहिलं की हात कुठं ठेवायचे तेच समजत नाही गं."

आणि त्यांची हिरवी साडी. तीच साडी रोज, बारीक काठाची. म्हणजे एकच नव्हे, एक विरली की तशीच दुसरी शोधून आणायच्या, त्यासाठी दादरची दुकानं पालथी घालायच्या. केसांचा भांग डावीकडे. डाव्या हातात सात बांगड्या, उजव्यात सहा. सुरुवातीला मला वाटलं, काहीतरी नवस असेल. मग त्यांनी एकदा सांगितलं.

सिनेमात एकच प्रसंग तुकड्यातुकड्यानं घेतात. आज अर्धा, उरलेला आठ दिवसांनी. मधल्या काळात नटीनं काही बदलायचं नाही. केस, बांगड्या, साडी, सगळं होतं तसंच पाहिजे, नाहीतर पडद्यावर दारातून जाताना एक बाई आणि बाहेर येताना दुसरी. याला कंटिन्युटी म्हणतात. मावशी तिशीच्या असताना त्यांना आयुष्यातलं एकच मोठं काम मिळालं होतं. एका घरगुती मराठी पिक्चरमध्ये थोरली जाऊ. सगळं शूटिंग झालं, एक शॉट राहिला. घराबाहेर काढलेली धाकटी जाऊ परत येते आणि थोरली दार उघडते. बोलायचं काही नाही. डायरेक्टर म्हणाला होता, सगळं पिक्चर या दारात उभं आहे बाई, कॅमेरा तुमच्या तोंडाशी आणणार, गालावरचा तीळ दिसेल इतका जवळ.

मावशींच्या तोंडाशी कॅमेरा तोवर कधी आला नव्हता.

आदल्या दिवशी पैसे लावणारा माणूस पळाला. प्रोड्यूसर सगळ्यांना म्हणाला, आठ दिवसांत बोलावतो, कंटिन्युटी सांभाळा. मावशी सांभाळत राहिल्या. दुसऱ्या पिक्चरवाल्यांनी भांग बदलायला सांगितला, यांनी नाही म्हटलं. तिसऱ्यांनी विचारलंच नाही. पुढं त्या नाटक कंपन्यांचे कपडे शिवायला लागल्या. त्या सेटवर उजव्या हातातली एक बांगडी फुटली होती, म्हणून सहा.

"पण मावशी, पिक्चर काळं-पांढरं," मी म्हटलं. "हिरवी नेसली काय नि लाल नेसली काय."

"हिरव्याचा राखाडी वेगळा असतो," त्या म्हणाल्या.

माझ्या शिकलेल्या डोक्याला हे सगळं वेड वाटायचं, पण निरुपद्रवी वेड. कुणाचं काय जात होतं त्यात? मग तो तीळ वाढायला लागला.

मी तो आधी पाहिला. त्या मला उजेडात बसवायच्या, पण कधीतरी उजेड त्यांच्यावरही पडायचा. डाव्या गालावर मोहरीएवढा होता तो मसुरीएवढा झाला. एका बाजूनं पसरला. मी लक्ष नाही असं दाखवलं, त्यांनीही. मग एक दिवस त्यावर कापसाचा बोळा दिसला. "नख लागलं," म्हणाल्या. आठवड्यानं पुन्हा बोळा. त्या आठवड्यात नखं कापलेली होती, मी पाहिली होती.

आबा एरवी कुणाच्या भानगडीत पडत नाहीत. पण त्यांनी मावशींना जिन्यापाशी गाठलं. "ताई, त्यो तीळ डाक्टरला दावा. आमच्या टोळीतल्या एकाचं असंच झालं हुतं. त्यानं बी नख लागलं म्हनून सांगितलं."

आबांचं त्या ऐकायच्या. मी त्यांना वाशीच्या एका हॉस्पिटलात नेलं. डॉक्टरांनी भिंगातून बराच वेळ बघितलं.

"कधीपासून आहे?"

"जन्मापासून."

"वाढतोय कधीपासून?"

"ते मी कसं सांगू? मी त्याच्या मागे असते."

डॉक्टर हसले नाहीत. मला बाजूला घेऊन म्हणाले, हा आता नुसता तीळ राहिलेला नाही, काढायचा आणि तपासायला पाठवायचा, आणि लवकर, आत पसरला तर आमच्या हातात काही राहणार नाही. मी हे सगळं मावशींना सांगितलं, काही लपवलं नाही. त्यांनी नीट ऐकून घेतलं.

"काढायचा नाही," त्या म्हणाल्या. "तो शॉट तिळावरच होता."

"मावशी, चाळीस वर्षं झाली. तोंड तरी तेच राहिलंय का?"

"तोंडाचं मेकअपमन बघेल. तीळ माझी जबाबदारी."

आईनं बोलून बघितलं, आबांनी बघितलं. मी तर रोज भांडायचे. रोज तळोज्याहून परत येताना मी एकच विचार करायचे, आज बोळा मोठा असेल का. दार उघडलं की माझी नजर आधी गालावर जायची आणि त्यांना ते कळायचं. मग त्या मान वळवून बसायला लागल्या. इतकी वर्षं उजेडाकडे तोंड करा म्हणणारी बाई माझ्यासमोर अंधाराकडे तोंड करून बसायची. महिना असाच गेला. दीड महिना गेला.

मग मी ते पत्र लिहिलं.

मला वाटलं, त्यांना कुणी सुटका दिली पाहिजे. ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत मी टाइपरायटरवर बसले. वर त्या पिक्चर कंपनीचं नाव मोठ्या अक्षरांत, मावशींच्या तोंडून शेकडो वेळा ऐकलेलं. खाली इंग्रजीत, डिअर मॅडम, सदर चित्रपट कायमचा बंद करण्यात आला आहे हे कळवण्यास आम्हांला खेद वाटतो, आपलं काम समाधानकारक होतं, यापुढे आपल्यावर कंटिन्युटीचं बंधन नाही. इतकं स्वच्छ इंग्रजी मी तोवर लिहिलं नव्हतं. खाली गिचमिड सही केली, त्यावर कसलातरी जुना शिक्का अर्धवट उमटवला आणि पोस्टाचा छाप मुंबईचा पडावा म्हणून सुट्टी टाकून व्हीटीपर्यंत जाऊन पत्र टाकून आले. माझ्या हुशारीचा मला फार अभिमान वाटत होता.

पाच दिवस पत्र आलं नाही. सहाव्या दिवशी संध्याकाळी मावशी आमच्या दारात उभ्या होत्या, हातात पाकीट.

"इंग्रजीत आहे. वाचून दे."

हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. त्या चौथी शिकलेल्या, इंग्रजी पत्र आलं तर वाचायला कुणाकडे येणार?

त्यांनी मला त्यांच्या खोलीत नेलं, खुर्चीत बसवलं आणि स्टूल ओढून समोर बसल्या. मागे नाही, समोर. मी माझंच पत्र वाचलं. त्या डोळे न मिचकवता ऐकत होत्या.

"पुन्हा वाच."

पुन्हा वाचलं.

"आता मराठीत सांग."

सांगितलं. त्यांनी पत्र माझ्या हातातून घेतलं आणि घडीवर घडी घातली.

"कागद चांगला आहे. तुमच्या ऑफिसात हाच असतो?"

मी पाकिटावरच्या मुंबईच्या छापाकडे बघितलं.

"मॅडम मला कुणी म्हणायचं नाही गं. जाऊबाई, इकडे या, असं म्हणायचे," त्या म्हणाल्या. "आणि आमच्यात काम संपलं हे कुणी कळवत नाही. बोलवायचं बंद करतात."

"मावशी, मी तुमच्यासाठी…"

"त्यांनी मला फसवलं नाही. नुसतं बोलावलं नाही. फसवलंस तू."

त्यानंतर चार दिवस त्यांचं दार बंद. दूधवाल्यापुरतं उघडायचं, लगेच कडी. मी दोनदा वाजवलं, आतून भांड्याचा आवाज आला, उत्तर नाही. आई म्हणाली, "शिकून हे केलंस होय?" आबा इतकंच म्हणाले, "लिवलंस तू. आता निस्तर." मी जेवायला बसायचे आणि ताटावरून उठायचे. ऑफिसात एका बिलावर तीच रक्कम तीनदा टाइप केली. मनात एकच, ही बाई आता माझं तोंड बघणार नाही आणि दवाखान्यातही जाणार नाही, आणि दोन्ही माझ्यामुळे.

पाचव्या दिवशी रविवार होता. सकाळी दार उघडलं.

"ग्रॅज्युएट, ये आत. कपाट उघड."

कपाटात साड्या होत्या. सणाला, लग्नाला, कुणी कुणी दिलेल्या, घड्या न मोडलेल्या.

"साडी सांग यातली एखादी. दवाखान्यात न्यायचंय ना मला?"

मी वळून त्यांच्याकडे बघितलं.

"पत्र खोटं होतं," त्या म्हणाल्या. "मजकूर खोटा नव्हता. वाचता येत नाही, तरी चार दिवस बघत बसले होते त्याच्याकडे. काढ साडी. मला कुठला रंग बरा दिसतो?"

मी पाच वर्षं त्यांना रोज बघत होते आणि मला सांगता येईना. हिरव्याशिवाय मी त्यांना पाहिलंच नव्हतं. एकेक साडी खांद्याला लावून बघता बघता अकरा वाजले. त्यांनाही ठरवता येईना, गोंधळून गेल्या होत्या, एकदा म्हणाल्या, राहू दे, हिरवीच बरी. मी घाईनं जांभळी हातात दिली.

दुसऱ्या दिवशी त्या जांभळी नेसून बाहेर पडल्या तेव्हा सेक्रेटरी गेटवर होते. "वा मावशी, कुणाचं लग्न?"

"तीळ काढायला चाललेय," मावशी म्हणाल्या.

डॉक्टरांनी तारीख लगेच दिली. अर्धं तोंड बधिर करून तासाभरात काम झालं, गालावर पट्टी आली. डॉक्टर म्हणाले, मुळापर्यंत गेलं होतं का ते तपासणीत कळेल, दहा दिवस लागतील. हे दहा दिवस आधीच्या दोन महिन्यांपेक्षा वाईट गेले. मावशी रोज संध्याकाळी विचारायच्या, "उत्तर आलं?" मी नाही म्हणायचे. त्या म्हणायच्या, "उशीर केला का गं मी?" मी म्हणायचे नाही, आणि त्या माझ्या तोंडाकडे बघत राहायच्या.

अकराव्या दिवशी रिपोर्ट मिळाला. मी तो हॉस्पिटलच्या व्हरांड्यात उभ्यानं तीनदा वाचला. तरी माझ्या इंग्रजीवर विश्वास ठेवायची हिंमत होईना, म्हणून आत जाऊन डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, "होता तो वाईटच. पण कडेपर्यंत साफ निघालाय. अगदी वेळेवर आलात." मी पळत सुटले.

मावशी आमच्याच घरी होत्या, आईजवळ. मी धापा टाकत सगळं वाचलं, इंग्रजीत आणि मग मराठीत. त्यांनी ऐकलं. आई रडायला लागली. मावशी नाही.

"असंच लिहिलंय?"

"हो मावशी."

"की हेही तूच टाइप केलंस?"

मी शिक्का दाखवला, सही दाखवली.

"शिक्का त्याच्यावरही होता," त्या हळूच म्हणाल्या. त्यांना मला दुखवायचं नव्हतं. त्यांना खरोखरच कळायला काही मार्ग नव्हता.

"उद्या डॉक्टरांना तुम्ही स्वतः विचारा."

"उद्यापर्यंत काय करू मी?"

माझं आख्खं शिक्षण हातात धरून मी तिथं उभी होते आणि माझा शब्द कुणी घेत नव्हतं. तेवढ्यात आबा मार्केटातून आले. अंगावर मिरचीचा वास, खांद्यावर फडकं. मावशींनी माझ्या हातातून रिपोर्ट घेतला आणि त्यांच्यापुढे धरला.

"भाऊ, तुम्ही वाचा."

आबा दुसरी शिकलेले. इंग्रजीतले त्यांना गोणीवरचे आकडे तेवढे कळायचे. त्यांनी एकदा माझ्याकडे बघितलं. मी मान डोलावली, डोळ्यांत पाणी होतंच. त्यांनी फडक्याला हात पुसले, कागद घेतला आणि खाली बसले. वरच्या ओळीवर अंगठा ठेवला आणि सावकाश उजवीकडे नेला. मग दुसरी ओळ. मग तिसरी. आई रडायची थांबली. आबांनी एकही ओळ सोडली नाही. पान उलटून मागं काही आहे का तेही बघितलं. मग कागद घडी करून मावशींच्या हातात दिला.

"ताई, काय बी न्हाय यात. समदं निघालं."

"नक्की?"

"वाचलं की मी."

मावशी त्यांच्याकडे बघत राहिल्या. मग त्यांचे खांदे खाली आले, भिंतीला पाठ टेकली आणि पट्टीवरून पदर फिरवत त्या मला म्हणाल्या, "चहा टाक गं सगळ्यांना."

मी आत जाऊन स्टोव्ह पेटवला. दोन काड्या वाया गेल्या. बाहेर आबा त्यांना सांगत होते की डाक्टरांनी अक्षर लई बारीक काढलंय, म्हातारपणी डोळ्याला त्रास हुतो.